काउबॉयचा संसार

वेस्टर्न सिनेमात घर असतं ते नायकाला त्याच्याकडं पाठ फिरवता यावी म्हणून. जॉर्ज स्टीव्हन्सच्या 'शेन'मध्ये (1953) तो डोंगराच्या दिशेनं निघून जातो आणि पोरगं मागून हाका मारत राहतं. जॉन फोर्डच्या 'द सर्चर्स'मध्ये (1956) पळवून नेलेली मुलगी घरी पोचते, सगळे आत जातात, जॉन वेन तेवढा उंबऱ्याबाहेर उरतो आणि दार लागतं. एकाकी पुरुषाचं मोठेपण म्हणून या दृश्यांवर भरपूर लिहिलं गेलं आहे. पण वेस्टर्नचा हा पुरुष खरोखर एकटा असतो का? बहुतेक वेळा त्याच्या शेजारी दुसरा घोडा असतो आणि त्यावर दुसरा पुरुष. दोघं शेकोटीपाशी एकाच भांड्यातली कॉफी पितात, एकमेकांच्या जखमा बांधतात, एकमेकांसाठी गोळी झेलतात. मग गावात एखादी शिक्षिका किंवा विधवा येते आणि दोघांपैकी एकाला मरावं लागतं, नाहीतर लांब जावं लागतं.

वेस्टर्नमधल्या समलिंगी ओढीची चर्चा आजही 'ब्रोकबॅक माउंटन'पासून सुरू होते, जणू 2005पूर्वी या मुलखात असं काही नव्हतंच. 2006च्या ऑस्कर सोहळ्यात जुन्या वेस्टर्नमधले तुकडे जोडून दाखवले गेले. पुरुषांच्या रोखलेल्या नजरा, पट्टे, पिस्तुलं, दुहेरी अर्थाची वाक्यं. सभागृह खदखदून हसलं. ते हसणं बोलकं होतं, कारण न समजलेल्या गोष्टीवर कुणी इतक्या चटकन हसत नाही. म्हणजे ओढ पहिल्यापासून दिसतच होती. वेस्टर्नला जड गेली ती दुसरी गोष्ट. दोन पुरुष एकमेकांवर जीव टाकतात इथवर तो आनंदानं येतो. ते दोघं एका छपराखाली चूल मांडतील, गुरं पाळतील, म्हातारे होतील, असं म्हटलं की त्याचा घोडा अडतो.

आधी थोडा इतिहास. यादवी युद्धानंतर टेक्सासमधली गुरं हाकत कॅन्ससच्या रेल्वेपर्यंत नेणारे तांडे महिनोन् महिने वाटेवर असत, आणि त्यात बायका जवळजवळ नसतच. खाणी, लाकूडतोडीच्या छावण्या, लष्करी ठाणी, सगळीकडं तेच. बाई नाही म्हणून नाच थांबत नसे. पुरुषच पुरुषांबरोबर नाचत, आणि बाईची जागा घेणाऱ्याच्या दंडाला रुमाल बांधलेला असे. आल्फ्रेड किन्सीनं 1948 साली पुरुषांच्या लैंगिक वर्तनावरचा आपला गाजलेला अहवाल काढला. पश्चिमेकडच्या दुर्गम भागातल्या गुराख्यांमध्ये, खाणकऱ्यांमध्ये आणि लाकूडतोड्यांमध्ये समलिंगी संबंध चांगलेच आढळतात, आणि शहरी बायकी पुरुषाविषयी हीच माणसं तुच्छतेनं बोलतात, अशी नोंद त्यात आहे. त्याच वर्षी लेस्ली फीडलर या तरुण समीक्षकानं एका निबंधात म्हटलं की अमेरिकी कादंबरीचं खरं प्रेमप्रकरण, स्त्रीच्या समाजातून पळून रानात किंवा नदीवर गेलेल्या दोन पुरुषांचं असतं. आणि 1948मध्येच हॉवर्ड हॉक्सचा 'रेड रिव्हर' पडद्यावर आला. अहवाल, निबंध आणि सिनेमा यांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता, पण तिघांची नजर एकाच ठिकाणी गेली होती.

'रेड रिव्हर'मधलं पिस्तुलांचं दृश्य आता इतक्यांदा दाखवलं गेलं आहे की त्याचा विनोद झाला आहे. मॉन्टगोमेरी क्लिफ्टचा मॅट आणि जॉन आयर्लंडचा चेरी एकमेकांची पिस्तुलं मागून घेतात, हातात तोलतात, कौतुक करतात आणि मग पाळीपाळीनं एक डबा हवेत उडवतात. मला ते दृश्य या सिनेमातलं सर्वांत ढोबळ वाटतं. खरी गोष्ट वेन आणि क्लिफ्ट यांच्यात आहे. वेनचा टॉम डन्सन हा मॅटला पोरवयात रानातून उचलून वाढवतो आणि गुरांचा कळप उभा करतो. पुढं मॅट त्याचा तांडा हिरावून घेतो, तेव्हा त्याला ठार मारायची शपथ घेऊन डन्सन मागावर निघतो. वेन देहानं पहाडासारखा. क्लिफ्ट सडपातळ, बोलण्याआधी नाक बोटानं घासणारा, समोरच्याचं ऐकून घेणारा. क्लिफ्टला स्वतःचं समलिंगी असणं आयुष्यभर झाकावं लागलं, पण हे ठाऊक नसलं तरी दिसतं की वेस्टर्नमध्ये एक नवा पुरुष आला आहे. त्याच्या पौरुषाला ओरडावं लागत नाही.

शेवटी दोघं रस्त्यावर एकमेकांना बडवत असताना टेस नावाची बाई बंदूक झाडते आणि दोघांना फैलावर घेते: तुमचं एकमेकांवर प्रेम आहे हे कुणाही शहाण्याला दिसतंय, मग हा तमाशा कशाला? काही समीक्षकांना हा शेवट हलका वाटला. मला तो फार धीट वाटतो. जे दोन तास कुणी उच्चारलं नाही ते एक बाई चिडून बोलून टाकते. त्यावर डन्सन काय करतो? गुरांवर डागायच्या आपल्या खुणेत तो मॅटच्या नावाचं अक्षर घालतो. वेस्टर्ननं दोन पुरुषांना दिलेला हा जवळजवळ एकमेव करारनामा, आणि तो लिहिला जायचा होता गुरांच्या कातड्यावर. मॅट लगेच टेसशी लग्न करणार हेही डन्सनच ठरवतो. दोघांच्या नावाचा डाग चालतो, दोघांचं घर चालत नाही.

हॉलिवूडची निर्मितिसंहिता 1934पासून कडक पाळली जात होती आणि समलिंगी संबंधांचा नुसता सूचक उल्लेखही तिला वर्ज्य होता. संहितेमुळं सिनेमा अधिक तरल झाला, असं म्हणण्याची आता फॅशन आहे. यात थोडं तथ्य आहे, पण त्या तरलतेची किंमत कुणी भरली हे विसरून तिचं कौतुक करणं मला जमत नाही. एवढं खरं, की जे बोलता येत नव्हतं ते वस्तूंत उतरलं. डेव्हिड बटलरच्या 'कॅलॅमिटी जेन'मध्ये (1953) कातडी पँट घालणारी, बंदूक चालवणारी डॉरिस डे शिकागोहून आलेल्या केटीला आपल्या गळक्या झोपडीत आणते. दोघी मिळून झोपडी झाडतात, रंगवतात, पडदे लावतात आणि दारावर दोघींची नावं लिहितात. संबंध 1950च्या दशकात इतकं सुखी समलिंगी बिऱ्हाड मला दुसरीकडं दिसलेलं नाही, आणि ते एका गाण्यांच्या कौटुंबिक चित्रपटात आहे. शेवटी अर्थातच दोघींची एकाच मांडवात दोन पुरुषांशी लग्नं लागतात. त्यातलं गुप्त प्रेमाचं गाणं ऑस्कर घेऊन गेलं आणि पुढं समलिंगी श्रोत्यांनी ते आपलंसं केलं.

निकोलस रेच्या 'जॉनी गिटार'मध्ये (1954) पुरुषाचं नाव शीर्षकापुरतं आहे. लढत आहे ती जोन क्रॉफर्डची व्हिएन्ना आणि मर्सेडीस मॅककेम्ब्रिजची एमा यांच्यात. एमाचा द्वेष इतका तापलेला आहे की तो कुठल्या पुरुषावरून असेल हे पटत नाही. व्हिएन्नाच्या दारूगुत्त्यातलं झुंबर एमा गोळीनं पाडते, आग भडकते आणि एमा बाहेर येऊन त्या ज्वाळांकडं ज्या आनंदानं बघते तो चेहरा विसरणं कठीण. एडवर्ड डमिट्रिकच्या 'वॉरलॉक'मध्येही (1959) शेवटी गुत्ताच पेटतो. अँथनी क्विनचा लंगडा मॉर्गन हेन्री फोंडाच्या बंदूकबाजावर इतका जीव टाकतो की त्याचं लग्न ठरताच वेडापिसा होतो. फोंडाच्या हातून तो मरतो. मग फोंडा त्याला गुत्त्यात नेऊन ठेवतो आणि पूर्ण गावासमोर इमारत पेटवून देतो. दोघांनी गावोगाव मिळून थाटलेली जागा हीच होती. बायको गेल्यावर करावा तसा शोक हा नायक करतो, आणि सिनेमा त्याला काही नाव देत नाही.

1968मध्ये संहिता गेली आणि वय पाहून प्रमाणपत्रं देण्याची पद्धत आली. त्याच वर्षी अँडी वॉरहॉलनं ॲरिझोनातल्या चित्रीकरणासाठी बांधलेल्या एका काउबॉय गावात आपली मंडळी नेऊन 'लोनसम काउबॉइज' काढला. एफबीआयनं त्याची दखल घेतली, यापलीकडं त्या चित्रपटात पाहण्यासारखं फार नाही. महत्त्वाचा ठरला तो जॉन श्लेसिंजरचा 'मिडनाइट काउबॉय' (1969). टेक्सासचा जो बक काउबॉयचा वेश घालून न्यूयॉर्कला येतो, श्रीमंत बायकांना देह विकायला. तिथं त्याला समजतं की या वेशाला गिऱ्हाईक आहे ते पुरुषांमध्ये. आपण काउबॉय दिसतो म्हणजे मर्द दिसतो, ही त्याची समजूत त्याचा तिथला सोबती रात्सो त्याच्या तोंडावर फोडतो, तेव्हा तो घाबरून जॉन वेनचं नाव पुढं करतो. काउबॉयचे कपडे हाच मुळी एक पोशाखी खेळ आहे, हे वेस्टर्नच्या बाहेर उभं राहून या चित्रपटानं सांगितलं. पाडायला काढलेल्या इमारतीत, वीज नसलेल्या खोलीत जो आणि रात्सो राहतात. एक स्वैपाक करतो, दुसरा पैसे आणतो. रात्सो मायामीच्या बसमध्ये मरतो. त्याआधी जो काउबॉयचे कपडे कचऱ्याच्या डब्यात टाकून साधा शर्ट घालतो. एप्रिल 1970मध्ये 'मिडनाइट काउबॉय'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालं आणि त्यातल्या दोन्ही नायकांना हरवून अभिनयाचं ऑस्कर मिळालं जॉन वेनला. पुढच्या वर्षी वेननं एका मुलाखतीत या चित्रपटाला विकृत ठरवलं.

1970च्या 'लिटल बिग मॅन'मध्ये आर्थर पेननं एक पात्र आणलं, ज्याच्याकडं फार कमी लोक गंभीरपणे बघतात. लिटल हॉर्स हा शायेन जमातीचा तरुण युद्धावर जात नाही, बायकांसारखा राहतो आणि जमातीला त्यात काही वावगं वाटत नाही. तो गोऱ्या नायकाला सरळ विचारतो की माझ्या तंबूत ये, मी तुझी बायको होईन. प्रेक्षागृहात हशा पिकतो. पण गोऱ्या काउबॉयला जो प्रश्न विचारण्याचं धाडस कधी झालं नाही, तो मूळनिवासी माणूस अगदी सहज विचारतो, हे लक्षात घ्या. कित्येक मूळनिवासी समाजांत अशा व्यक्तींना मानाची जागा होती. न्यू मेक्सिकोतल्या झुनी जमातीची वीव्हा हिनं 1886 साली वॉशिंग्टनमध्ये काही महिने मुक्काम केला आणि राष्ट्राध्यक्ष क्लीव्हलंड यांची भेट घेतली. तिच्यावर मोठा चित्रपट अजून निघालेला नाही. हॉलिवूडला वेस्टर्नमधली समलिंगी ओढ आजवर दिसली ती बहुतांशी गोऱ्या कातडीत.

आपल्याकडं 'शोले'नं (1975) अमेरिकी आणि इटालियन वेस्टर्नकडून खडक, घोडे आणि भाडोत्री बंदूकबाज उचलले, तसा दोन मित्रांपैकी एकानं मरायचं हा हिशेबही उचलला. मोटरसायकलवरच्या दोघांपैकी एक चितेवर जातो आणि दुसऱ्याला रेल्वेच्या डब्यात नवरी भेटते.

आता 'ब्रोकबॅक माउंटन'. ॲनी प्रूची कथा ऑक्टोबर 1997मध्ये 'न्यूयॉर्कर'मध्ये आली. वर्षभरात, ती ज्या वायोमिंगमध्ये घडते तिथंच, मॅथ्यू शेपर्ड या विद्यार्थ्याला समलिंगी म्हणून कुंपणाला बांधून जीवघेणं मारलं गेलं. लॅरी मॅकमर्ट्री आणि डायना ओसाना यांनी पटकथा लिहिली, तैवानहून आलेल्या आंग ली यांनी चित्रपट कॅनडातल्या अल्बर्टामध्ये काढला. त्याला आठ नामांकनं आणि तीन ऑस्कर मिळाली, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं मात्र 'क्रॅश'ला गेलं.

या चित्रपटाबद्दल सगळे तंबूतल्या रात्रीविषयी आणि एकात एक घातलेल्या शर्टांविषयी बोलतात. मला त्याचं मर्म एका छोट्या आठवणीत वाटतं. दोन नायकांपैकी एक, एनिस, लहान असताना त्याच्या गावाजवळ अर्ल आणि रिच नावाचे दोन वयस्क पुरुष एकत्र रँच चालवत. एकाला लोकांनी हाल करून मारलं, आणि एनिसच्या बापानं पोराला मुद्दाम नेऊन ते प्रेत दाखवलं. बापानं पोराला शिकवलेला धडा नीट पाहावा. डोंगरात दोन गुराखी काय करतात याची कुणाला पडलेली नव्हती. ते दोघं उघडपणे एका घरात राहत होते, हा गुन्हा होता. एनिसचा प्रियकर जॅक पुढची वीस वर्षं एकच मागणं मागतो: छोटी रँच घेऊ, थोडी गुरं ठेवू, एकत्र राहू. एनिस देतो ते मासेमारीच्या नावाखाली वर्षातले काही दिवस. एनिसला जॅकची ओढ कमी नाही, त्याला घराचं भय आहे. हीथ लेजरनं हे भय जबड्यात धरलं आहे. शब्द त्याच्या तोंडातून असे निघतात जणू दात उघडले तर आतलं काहीतरी पळून जाईल. जॅक मेल्यावर एनिस त्याच्या आईवडिलांकडं जातो. जॅक एनिसला घेऊन येऊन इथं खोपटं बांधणार होता, रँच सांभाळणार होता, हे जॅकचा बाप तिथं कडवट तोंडानं सांगतो. त्या भकास स्वैपाकघरात मोडलेला संसार आपल्याला दिसतो, जो कधी मांडलाच गेला नव्हता.

चित्रपट मोठा आहे, त्याबद्दल शंका नाही. पण त्यानं एक वाईट सवय लावली. समलिंगी प्रेम म्हणजे शोक, हे समीकरण त्यानंतर इतकं पक्कं झालं की पुरस्कार देणाऱ्यांनाही त्याची चटक लागली.

जेन कॅम्पियनचा 'द पॉवर ऑफ द डॉग' (2021) हे समीकरण मोडत नाही, पण त्याला आतून बाहेर उलटतो. थॉमस सॅव्हेजची मूळ कादंबरी 1967ची, तिच्या पुनर्मुद्रणाला उपसंहार लिहिला तो ॲनी प्रूनंच. 1925च्या मॉन्टानात, म्हणजे चित्रीकरणाच्या न्यूझीलंडमध्ये, फिल आणि जॉर्ज हे चाळिशीकडं झुकलेले भाऊ एकाच खोलीत झोपतात. जॉर्ज विधवा रोझला लग्न करून आणतो आणि फिलचं घर फुटतं. फिल येलमध्ये ग्रीक-लॅटिन शिकलेला माणूस. तो अंघोळ टाळतो, वासरं उघड्या हातांनी खच्ची करतो, आणि रोझच्या पीटर या मुलानं केलेली कागदी फुलं सिगारेट पेटवायला वापरतो. हा सगळा रांगडेपणा त्यानं मेहनतीनं शिकलेला आहे, ब्रॉन्को हेन्री नावाच्या जुन्या काउबॉयकडून, ज्याच्यावर त्याचं प्रेम होतं. कॅम्पियननं इथं वेस्टर्नच्या दुखऱ्या नसेवर बोट ठेवलं. या मुलखात पौरुष एका पुरुषाकडून दुसऱ्याकडं शिकवणीतून जातं: घोड्यावर कसं बसायचं, दोर कसा वळायचा. तेवढ्यापुरतं एकमेकांना शिवायला, टक लावून बघायला परवानगी असते. फिल पीटरसाठी कच्च्या कातड्याचा दोर वळतो, हे त्याचं प्रणयाराधन आहे. पीटर त्याला त्यासाठी काळपुळीनं मेलेल्या गुराचं कातडं देतो. आईचं घर वाचतं. ते वाचवणारा बायकी म्हणून हिणवला गेलेला मुलगा आहे, आणि मरणारा हिणवणारा, जो स्वतःही तसाच होता. बारा नामांकनं आणि दिग्दर्शनाचं एक ऑस्कर मिळालेल्या या चित्रपटावर सॅम एलियटनं उघड्या छातीच्या काउबॉयांवरून आगपाखड केली, नंतर माफीही मागितली. एलियटची मोठ्या पडद्यावरची सुरुवात 'बुच कॅसिडी अँड द सनडान्स किड'मधल्या (1969) पत्ते खेळणाऱ्याच्या भूमिकेतली. बुच आणि सनडान्स यांच्याकडं त्यानं तेव्हा नीट पाहिलं नसावं.

यानंतर पेद्रो अल्मोदोवार यांनी 'स्ट्रेंज वे ऑफ लाइफ' (2023) केला. 'ब्रोकबॅक' आधी त्यांच्याकडंही आला होता आणि त्यांनी नाकारला होता. स्पेनमधल्या आल्मेरियात, जिथं सर्जिओ लिओनेनं आपले वेस्टर्न काढले, तिथं ईथन हॉक आणि पेद्रो पास्कल पंचवीस वर्षांनी भेटतात, एक रात्र घालवतात, एकमेकांवर बंदुका रोखतात. फॅशन कंपनीच्या पैशातून बनलेल्या या चित्रपटात शर्ट जरा जास्तच छान आहेत. पण शेवटी घायाळ हॉकची शुश्रूषा करताना पास्कल त्याच्या जुन्या प्रश्नाला उत्तर देतो: दोन पुरुष रँचवर एकत्र राहून काय करतील? एकमेकांची काळजी घेतील, सोबत करतील. एनिसला हेच कुणीतरी सांगायला हवं होतं. एकतीस मिनिटांचा चित्रपट नेमका तिथं संपतो. उत्तर आलं, संसार नाही आला. ल्यूक गिलफर्डच्या 'नॅशनल अँथम'मध्ये (2023) तो येतो. न्यू मेक्सिकोतल्या एका रँचवर क्वीअर माणसं एकत्र राहतात, घोडे सांभाळतात, समलिंगी रोडिओत उतरतात. असे रोडिओ अमेरिकेत 1976पासून भरतात, त्यामुळं हे काही स्वप्नरंजन नव्हे. चित्रपट कथेच्या बाबतीत सैल आहे, प्रकाशाच्या प्रेमात अंमळ जास्त आहे. तरी त्यातली सकाळची न्याहारी मला 'स्ट्रेंज वे'च्या सगळ्या मखमलीपेक्षा मोलाची वाटते.

आणि या सगळ्यांत उजवा चित्रपट तो, ज्याला कुणी क्वीअर वेस्टर्न म्हणून विकलं नाही: केली रायकार्टचा 'फर्स्ट काऊ' (2019). 1820च्या सुमाराचं ऑरेगन. कुकी हा बुजरा आचारी आणि किंग-लू हा चिनी भटक्या. किंग-लू त्याला आपल्या झोपडीत बोलावतो आणि बाहेर लाकडं फोडायला जातो. कुकी काही न विचारता झाडू घेतो, फरशी झाडतो, बाहेरून रानफुलं आणून बाटलीत लावतो. मग दोघं गावातली एकमेव गाय रात्री चोरून पिळतात, तळलेले गोड केक विकतात, पैसे साठवतात, पुढं हॉटेल काढायच्या गप्पा मारतात. इथं गोळीबारापेक्षा पीठ मळणं महत्त्वाचं आहे. त्यांचं नातं काय, हे रायकार्ट सांगत नाही. पण हे मौन संहितेनं लादलेलं नाही, दिग्दर्शिकेनं निवडलेलं आहे, आणि हा फरक पडद्यावर स्पष्ट जाणवतो. या दोघांचं काय होतं हे पहिल्याच दृश्यात कळतं, त्यामुळं रायकार्टही मृत्यू टाळत नाही. मात्र मृत्यूआधी ती त्यांना राहू देते.

वेस्टर्नच्या या बाजूकडं वळायचं असेल तर 'ब्रोकबॅक'पासून सुरुवात करू नका, तो तुम्ही पाहिलाही असेल. आधी 'फर्स्ट काऊ' पाहा आणि त्यावर लगेच 'रेड रिव्हर' लावा. पिस्तुलांच्या दृश्यावर हसून घ्या, पण चित्रपट बंद करू नका. टेस बंदूक उचलेपर्यंत थांबा.